शब्दांची कंपने आणि अर्थाचे काम

मराठी माणूस दुकान बंद करत नाही, 'वाढवतो'. बांगडी फुटत नाही, ती 'वाढते'. निघताना कुणी 'जातो' म्हटले की घरातली आजी लगेच दुरुस्ती करते, 'येतो म्हण'. गावाकडे रात्री सापाला साप म्हणत नाहीत. 'जनावर' म्हणतात, नाहीतर 'लांबडं'. आणि तिन्हीसांजेला तोंडातून काही अभद्र निघाले तर ठरलेले वाक्य कानावर येते : असे बोलू नये, वास्तू 'तथास्तु' म्हणत असते.

शब्द उच्चारला की त्याचा अर्थ जगात कुठेतरी उमटतो, ही समजूत जुनी आहे आणि ती फक्त आपल्याकडे नाही. नवे आहे ते तिचे कपडे. आजीने 'तथास्तु'चे कारण कधी दिले नाही. मोबाइलवर फिरणाऱ्या संदेशांत मात्र कारणाला तोटा नसतो. चांगल्या शब्दांची 'कंपने' चांगली असतात, वाईट शब्दांची 'फ्रिक्वेन्सी' पेशींना इजा करते, अमुक बीजमंत्राने तमुक ग्रंथी जागी होते, ५२८ हर्ट्झचा सूर ऐकला की डीएनए दुरुस्त होतो. शाळेतल्या विज्ञान प्रदर्शनापर्यंत पोहोचलेला एक 'प्रयोग' तर अनेकांनी घरीही केला असेल : शिजवलेल्या भाताच्या दोन बरण्या, एकीशी रोज गोड बोलायचे, दुसरीला रोज शिव्या द्यायच्या, आणि महिन्याने कुठला भात काळा पडतो ते पाहायचे.

हे सगळे निरुपद्रवी असते तर हसून सोडून देता आले असते. पण सकाळी अर्धा तास ध्यानाचा सूर ऐकून रक्तदाबाची गोळी बंद करणारा माणूस, किंवा छातीतली गाठ 'कंपनांनी' विरघळेल म्हणून तीन महिने थांबलेली बाई, यांच्यासाठी हा प्रश्न हसण्याचा राहत नाही. त्यामुळे तो नीट विचारायला हवा. शब्दाने जगात काही हलते का? हलत असेल, तर ते शब्दाच्या आवाजाने हलते की अर्थाने?

पहिल्या भागाचे उत्तर सोपे आहे : हलते. आपण बोलतो तेव्हा घशातल्या दोन स्वरपट्ट्या कंप पावतात, पुरुषांमध्ये सेकंदाला साधारण शंभर-सव्वाशे वेळा, स्त्रियांमध्ये दोनशेच्या आसपास. त्यांनी हवेला दिलेले धक्के पुढे सरकत जातात. हे धक्के किती मोठे असतात? समोरासमोर बसून गप्पा मारताना हवेच्या दाबात होणारा बदल हा मूळ दाबाच्या सुमारे ५० लाखांवा भाग असतो. साध्या बोलण्यातून बाहेर पडणारी ध्वनिऊर्जा एका वॅटच्या लाखाव्या भागाच्या घरात येते. तेवढ्या ऊर्जेवर कपभर पाणी चहासाठी उकळायचे ठरवले आणि त्यातली सगळी ऊर्जा पाण्यातच राहिली असे मानले, तरी सुमारे २०० वर्षे अखंड बोलत राहावे लागेल. एवढीशी हालचाल आपल्याला ऐकू येते, हे कौतुक आवाजाचे कमी आणि कानाचे जास्त आहे. अगदी ऐकू येईल-न येईल अशा आवाजाला कानाचा पडदा अणूच्या आकाराहूनही कमी अंतर हलतो.

ध्वनी मोठा आणि नेमका केला तर त्याची ताकद अर्थातच वाढते. मूत्रपिंडातला खडा बाहेरून आघातलहरी सोडून फोडण्याचा उपचार १९८० साली म्युनिकमध्ये पहिल्यांदा माणसावर झाला आणि आज तो मोठ्या शहरांतल्या अनेक रुग्णालयांत होतो. पण ते यंत्र खड्याला काही 'सांगत' नाही. लहरीची तीव्रता, दिशा आणि ती कुठे एकवटते, एवढेच त्यात महत्त्वाचे असते.

वाळूची नक्षी

'कंपनांना आकार असतो' याचा पुरावा म्हणून एक व्हिडिओ हमखास दाखवला जातो. धातूच्या पत्र्यावर वाळू पसरलेली असते, सूर लागतो आणि वाळू आपोआप सरकून सुंदर नक्षी तयार होते. हा व्हिडिओ खोटा नाही. अर्न्स्ट क्लाड्नी या जर्मन संशोधकाने हे १७८७ साली प्रसिद्ध केले. पत्र्याच्या कडेवर तो व्हायोलिनचा गज फिरवी आणि पत्रा कंप पावू लागला की वाळू उड्या मारत मारत जिथे कंप नाही अशा रेषांवर जाऊन बसे. युरोपभर त्याने हे खेळ दाखवले, नेपोलियनलाही दाखवले. या आकृत्यांमागचे गणित मांडण्यासाठी पॅरिसमध्ये बक्षीस जाहीर झाले आणि ते १८१६ साली सोफी जेर्मेन या गणितज्ञ स्त्रीने मिळवले. पुढे वेल्सच्या मार्गारेट वॉट्स ह्यूज या गायिकेने एका नळीवर ताणलेल्या पडद्याखाली गाऊन, पडद्यावरच्या पावडरीत आणि रंगाच्या लगद्यात फुलांसारख्या आकृत्या उमटवल्या. तिचे काम आजही पाहावे इतके देखणे आहे.

ही नक्षी कशावर ठरते? पत्रा चौकोनी की गोल, किती जाड, कुठे धरलेला आणि सुराची कंपनसंख्या किती, यांवर. पत्रा बदला, तोच सूर वेगळी नक्षी काढेल. पत्रा तोच ठेवून 'ओम'च्या जागी त्याच पट्टीत 'रोम' म्हटले, तर वाळूला त्यातले पावित्र्य कळणार नाही आणि इटलीची राजधानीही कळणार नाही. गोल पडद्यावर गोल, सममित आकृती येणारच. त्यात कुणाला कमळ दिसेल, कुणाला यंत्र. ते पाहणाऱ्याच्या डोळ्यांत असते.

या बाबतीत आपल्याकडचे खरे काम मात्र फारसे कुणी 'फॉरवर्ड' करत नाही. चंद्रशेखर वेंकट रामन यांनी १९२० साली 'नेचर'मध्ये मृदंग आणि तबल्यावर लिहिले होते. साध्या ढोलाच्या कातड्यातून निघणारे उपस्वर मूळ सुराशी जुळत नाहीत, म्हणून तो नुसता 'ढम' वाजतो. तबल्याच्या पुडीवर मधोमध शाई चढवली की तिच्या वजनाने हे उपस्वर मूळ सुराच्या पटीत येऊन बसतात आणि तबला सुरात बोलू लागतो. 'धा', 'ना', 'तीं' हे बोल म्हणजे कंपनांना माणसाने दिलेली नावे. इथे कंपन आधी आणि शब्द नंतर, क्रम उलटा आहे.

पाणी वाचू शकते का?

अर्थाने वस्तू बदलते असा ठाम दावा आधुनिक काळात ज्यांनी सर्वांत गाजवला, ते जपानचे मासारू इमोटो. १९९९ साली त्यांचे छायाचित्रांचे पुस्तक आले आणि त्याची भाषांतरे जगभर खपली. पाण्याच्या बाटलीवर 'आभारी आहे' असे लिहिलेला कागद चिकटवला, ते पाणी गोठवले, तर त्याचे स्फटिक सहा पाकळ्यांचे सुंदर होतात. 'मूर्ख' लिहिले तर वेडेवाकडे. भाताच्या बरण्यांचा खेळही त्यांच्याच नावाने पसरला.

या दाव्यात एक गंमत सहज नजरेतून सुटते. कागदावरचे अक्षर कंप पावत नाही. म्हणजे 'शब्दांच्या कंपनांचा पुरावा' म्हणून दाखवल्या जाणाऱ्या या छायाचित्रांत ध्वनी मुळात नाहीच. पाण्याने जपानी लिपी वाचली, असे मानावे लागते. आणि ते मानले तर पुढचे प्रश्न येतात. एकाच अक्षरांचा दोन भाषांत वेगळा अर्थ असेल तर? 'कर' हे मराठीत हात, टॅक्स आणि आज्ञा असे तिन्ही आहे. पाण्याने यातले काय घ्यावे?

बर्फाचे स्फटिक कशाने आकार घेतात हेही कोडे नाही, आणि ते सोडवणारा शास्त्रज्ञही जपानीच होता. होक्काइडो विद्यापीठातले उकिचिरो नाकाया यांनी १९३६ साली प्रयोगशाळेत सशाच्या केसावर जगातला पहिला कृत्रिम हिमस्फटिक वाढवला. तापमान आणि हवेतली बाष्प यांच्या प्रत्येक जोडीला कुठला आकार येतो, याचा तक्ता त्यांनी मांडला. उणे ५ अंशांच्या आसपास सुया, उणे १५ च्या आसपास फांद्या फुटलेल्या चांदण्या. एकाच बशीत, एकाच पाण्याच्या थेंबांवर काही मिनिटांत वेगवेगळे आकार मिळू शकतात. मग त्यातला कुठला फोटो छापायचा, हे निवडणाऱ्याला बाटलीवरचा शब्द माहीत असेल तर निकाल आधीच ठरतो. शब्द लपवून केलेली एक छोटी चाचणी २००६ साली प्रसिद्ध झाली, तिच्यात किंचित फरक दिसला. पण तिचे सहलेखक स्वतः इमोटोच होते. त्यावर विसंबून पाण्याचे रसायनशास्त्र बदलावे असे काही हाती लागलेले नाही. जपानमधल्या काही प्राथमिक शाळांत नीतिशिक्षणाच्या तासाला हे 'विज्ञान' म्हणून शिकवले जाऊ लागले, तेव्हा तिथल्या भौतिकशास्त्रज्ञांनी जाहीर आक्षेप घेतला. गोड बोलायला शिकवा, पण त्यासाठी मुलांना खोटे सांगू नका, असा त्याचा रोख होता.

भाताचे उत्तर बुरशीकडे आहे. हवेत बुरशीचे बीजाणू असतात. कुठल्या बरणीत किती पडले, चमचा कुठला वापरला, झाकण किती घट्ट होते, यावर सगळे ठरते. दोनच बरण्या असतील तर एक आधी खराब होणार, यात नवल काय? मुलांना प्रयोग करायचाच असेल तर तो असा करावा : एका पातेल्यातला भात वीस बरण्यांत सारखा भरावा, बरण्यांना फक्त आकडे द्यावेत, कुठल्या दहांशी गोड बोलायचे ते चिठ्ठ्या टाकून ठरवावे, आणि महिन्याने बुरशी मोजायला अशा माणसाला बोलवावे ज्याला ते आकडे माहीत नाहीत. विज्ञान प्रदर्शनात यालाच बक्षीस मिळायला हवे, निकाल काहीही येवो.

५२८ हर्ट्झचा हिशेबही करून पाहता येतो. या सुराची एक लहर हवेत ६५ सेंटिमीटर लांब असते, शरीरातल्या पाणीदार ऊतींत जवळपास तीन मीटर. डीएनएच्या दोऱ्याची जाडी दोन नॅनोमीटर. तीन मीटरच्या लहरीने नेमका तुटलेला दुवा शोधून जोडायचा म्हणजे रोडरोलरने सुईत दोरा ओवण्यासारखे आहे. शिवाय हवेतला आवाज शरीराच्या पृष्ठभागावर आदळला की त्याची बहुतेक ऊर्जा परत फिरते. सोनोग्राफीच्या आधी पोटावर गार जेल लावतात ते यासाठीच. मध्ये हवा राहिली तर ध्वनी आत शिरत नाही.

मग मंत्र म्हटल्याने बरे वाटते ते?

ते वाटते, आणि त्यामागे मोजता येण्याजोगे काही आहे. इटलीतल्या पाविया विद्यापीठाच्या लुचियानो बर्नार्दी आणि सहकाऱ्यांचा अभ्यास २००१ साली 'ब्रिटिश मेडिकल जर्नल'मध्ये आला. २३ निरोगी माणसांना त्यांनी लॅटिनमधली 'आवे मारिया' ही जपमाळेवरची प्रार्थना आणि 'ॐ मणि पद्मे हुं' हा बौद्ध मंत्र म्हणायला लावला. दोन्ही वेळी श्वासाचा वेग मिनिटाला सहाच्या आसपास आला आणि रक्तदाब सावरणारी शरीराची प्रतिक्षिप्त यंत्रणा अधिक तल्लख झाली. दोन धर्म, दोन भाषा, दोन अर्थ, परिणाम एक. कारण दोन्हींत एक ओळ म्हणायला लागणारा वेळ जवळपास सारखा आहे, आणि तो श्वासाला संथ करतो. पिढ्यान्‌पिढ्या म्हटल्या गेलेल्या ओळींची लांबी अशी श्वासाच्या मापाला येऊन बसली, हेच या अभ्यासातले खरे आश्चर्य.

गुणगुणण्याचाही एक परिणाम पक्का आहे. स्वीडनच्या कारोलिन्स्का संस्थेतल्या संशोधकांनी २००२ साली दाखवले, की ओठ मिटून 'म्ऽऽ' असे गुणगुणताना नाकातून बाहेर पडणाऱ्या हवेत नायट्रिक ऑक्साइडचे प्रमाण शांत उच्छ्वासापेक्षा सुमारे १५ पट होते. सायनसच्या पोकळ्यांतली हवा कंपनांमुळे बाहेर खेचली जाते. इथे कंपन खरोखर काम करते. पण गाणे कुठले, मंत्र कुठला, याच्याशी त्याचे देणेघेणे नाही. भ्रामरी करा की भूपाळी गुणगुणा. आणि यावरून 'रोज गुणगुणा, सायनस कायमचे बरे' अशी उडी मारता येत नाही.

बेंगळुरूच्या निम्हान्समध्ये ओंकाराच्या वेळी मेंदूची एमआरआयने पाहणी झाली, तिचाही उल्लेख वारंवार होतो. २०११ साली प्रसिद्ध झालेल्या त्या प्राथमिक अभ्यासात १२ जण होते आणि तुलना 'स्ऽऽ' या उच्चाराशी केली होती. भावनांशी संबंधित भाग ओंकाराच्या वेळी शांत झालेले दिसले. अभ्यास प्रामाणिक आहे, पण 'स'मध्ये घुमणारे कंपन नसते, 'ॐ'मध्ये असते. त्यामुळे फरक घुमण्याने पडला की अर्थाने, हे त्यातून कळत नाही. त्यासाठी तितकाच घुमणारा, पण निरर्थक उच्चार घ्यावा लागेल.

जिथे कंपनालाच अर्थ असतो अशी उदाहरणे निसर्गात मात्र आहेत, आणि ती कुठल्याही संदेशापेक्षा विलक्षण आहेत. हत्तींची खालच्या पट्टीतली घुमणारी हाक हवेतून जाते तशी जमिनीतूनही जाते. नामिबियाच्या एतोशा राष्ट्रीय उद्यानात केटलिन ओकॉनेल-रॉडवेल यांनी धोक्याच्या हाकांची कंपने फक्त जमिनीतून सोडली. ओळखीच्या, त्याच भागातल्या हत्तींची हाक असेल तर कळप एकमेकांना चिकटून उभा राही. केनियातल्या हत्तींची हाक असेल तर फारसे लक्ष देत नसे. मिसुरी विद्यापीठात २०१४ साली मोहरीच्या कुळातल्या एका छोट्या रोपावर असाच प्रयोग झाला. सुरवंट पान कुरतडताना होणारी कंपने टिपून ती रोपांना 'ऐकवली', तर नंतर खरा सुरवंट आल्यावर त्या रोपांनी जास्त झणझणीत संरक्षक रसायने तयार केली. वाऱ्याची किंवा दुसऱ्या कीटकाच्या गाण्याची कंपने दिली तेव्हा काही नाही. म्हणजे रोपाला कंपनातला भेद कळतो. मात्र त्याच्या दृष्टीने अर्थपूर्ण शब्द एकच : दात.

माणसांतही ही भाषा काहींनी आत्मसात केली आहे. बधिर आणि अंध अशा दोन्ही असलेल्या मुलांसाठी अमेरिकेत 'टाडोमा' नावाची पद्धत निघाली. टॅड आणि ओमा या पहिल्या दोन विद्यार्थ्यांच्या नावांवरून ते नाव पडले. शिकणाऱ्याचा अंगठा बोलणाऱ्याच्या ओठांवर आणि बोटे गालावर, जबड्यावर, गळ्यावर टेकलेली असतात. ओठांची उघडझाप, तोंडातून येणारा श्वास आणि घशाची थरथर यांवरून पूर्ण वाक्य कळू शकते. हेलन केलरही अशीच चेहऱ्यावर हात ठेवून समोरच्याचे बोलणे समजून घेत. १९५५ साली त्या भारतात आल्या होत्या. इथे शब्द अक्षरशः त्वचेला जाणवणारे कंपन असतो. पण तो शिकायला वर्षे लागतात. बोटांना कंपन पहिल्याच दिवशी जाणवते, अर्थ मात्र मेंदूत हळूहळू बांधावा लागतो.

आपल्याकडे हा भेद पंधराशे वर्षांपूर्वी स्पष्ट केला गेला होता. 'वाक्यपदीय' लिहिणाऱ्या भर्तृहरीने कानावर पडणारा ध्वनी आणि त्यातून मनात उमलणारा 'स्फोट' हे वेगळे मानले. कुणी भरभर बोलो, कुणी रेंगाळत, आवाज जाड असो की किनरा, शब्द तोच राहतो.

आणि नेमक्या या मनात उमलणाऱ्या भागाची ताकद वैद्यकशास्त्राने मोजली आहे. १९९० साली जपानी डॉक्टरांनी 'ताकोत्सुबो' या हृदयविकाराचे वर्णन केले. जवळच्या माणसाच्या मृत्यूसारखी बातमी कानावर पडते आणि काही तासांत हृदयाचा डावा कप्पा टोकाशी फुगतो, अष्टपाद पकडायच्या जपानी मडक्यासारखा. म्हणून हे नाव. छातीत दुखते, ईसीजी हार्ट अटॅकसारखा दिसतो, पण हृदयाच्या मुख्य रक्तवाहिनीत अडथळा सापडत नाही. हा आजार पाळी गेलेल्या स्त्रियांत अधिक दिसतो आणि बहुतेक जणी काही आठवड्यांत सावरतात. पण सुरुवातीचे दिवस धोक्याचे असतात, म्हणून घरी थांबणे योग्य नाही. आता कल्पना करा, तीच बातमी मराठीत सांगितली आणि खोलीत मराठी न कळणारी दुसरी बाई बसली आहे. दोघींच्या कानांवर आदळलेली कंपने एकच. एकीच्या शरीरात अ‍ॅड्रिनॅलिनचा पूर येतो, दुसरी चहा पीत राहते.

उलट बाजूचाही पुरावा आहे. इटलीत तुरिनला फाब्रिझियो बेनेदेत्ती यांच्या गटाने शस्त्रक्रियेनंतरच्या रुग्णांना वेदनाशामक दोन तऱ्हांनी दिले : एकदा डॉक्टरने सांगून, एकदा यंत्रातून नकळत. औषध तेच, पण 'देतोय' हे शब्द वगळले की त्याचा परिणाम कमी होई. आणि २०१० साली अमेरिकेत बाळंतिणींवर झालेला एक अभ्यास प्रत्येक डॉक्टर-परिचारिकेने वाचावा असा आहे. पाठीत भूल देण्याआधी त्वचा बधिर करणारे छोटे इंजेक्शन देतात. १४० स्त्रियांपैकी निम्म्यांना सांगितले, की या औषधाने जागा बधिर होईल आणि तुम्हाला त्रास होणार नाही. उरलेल्यांना सांगितले, की मोठी मधमाशी चावल्यासारखे होईल, सगळ्यांत वाईट भाग हाच. सुई तीच, औषध तेच. दहापैकी वेदनेचे गुण पहिल्या गटात ३ आले, दुसऱ्यात ५.

आपल्याकडे दवाखान्यात सुई टोचताना 'मुंगी चावल्यासारखं होईल हं' असे म्हणायची पद्धत आहे. मायेनेच म्हणतात. धोके आणि दुष्परिणाम रुग्णाला सांगायलाच हवेत, ते लपवणे योग्य नाही. पण टोचण्याच्या त्या क्षणी मुंगीऐवजी 'जागा बधिर करतेय, आता बरं वाटेल' एवढे म्हणायला वेळ तितकाच लागतो.